मंडळींचं जेवण

आमच्या शेजारच्या अंगणात कोरे कागद वाळत घातलेले असत. साड्या, टॉवेल, बनियन, आणि त्यांच्याच दोरीवर चिमटे लावून कागद. मी लग्न होऊन गोंदियाहून राज्याच्या हद्दीपलीकडे बालाघाटला आले तेव्हा पहिल्याच आठवड्यात हे पाहिलं आणि सासूबाईंना विचारलं, शेजारी काय धंदा चालतो. त्या म्हणाल्या, "निखाडेकाकाजी हायेत ते. त्यायच्या मंडळीचं जेवण झालं असन." एवढं सांगून त्या पुन्हा मेथी निवडायला लागल्या. याहून जास्त काही सांगायला हवं असं घरात कुणालाच वाटलं नाही. ज्या गावात आपण वाढलो तिथले वेडे आपल्याला वेडे वाटत नाहीत, ते बाहेरून आलेल्यालाच दिसतात.

दामोधर निखाडे तिरोडीला मँगनीजच्या खाणीत प्रयोगशाळेत होते. खाणीतून आलेला दगड कुटायचा, त्याची पूड तपासायची आणि माल कसा आहे ते लिहून द्यायचं, हे त्यांचं काम. दगडात कुठे स्फटिक निघाला की मजूर तो त्यांना आणून देत, कारण त्याचा भट्टीला काही उपयोग नसे. निवृत्त झाल्यावर त्यांनी बालाघाटला घर बांधलं आणि हे सगळे स्फटिक बरोबर आणले. कुणी पांढरा, कुणी धुरकट, एक फिकट गुलाबी. बैठकीतल्या टेबलावर पितळेच्या परातीत ते बसलेले असत. हीच मंडळी.

काकाजींच्या मते ते दगड नव्हते, जीव होते. फार सावकाश जगणारे, आणि लिहिलेल्या भाषेवर जगणारे. आपण भाकर खातो तशी ते अक्षरं खातात. डोंगराच्या पोटात युगानुयुगं उपाशी पडून होते, कारण लिहिणारं कुणी नव्हतं. "माणूस लिहायले शिकला म्हणून बरं," ते म्हणत, "नाई तं या बिचाऱ्यायनं खाल्लं काय असतं?" हे सांगताना त्यांच्या चेहऱ्यावर गंमत केल्याची खूण नसे. मी गणिताची शिक्षिका, मला अशा माणसांचा राग येतो. इथंही आला, पण टिकला नाही.

त्यांच्या घरी जाणाऱ्याला चहा मिळण्याआधी दोन ओळी लिहाव्या लागत. ओट्यावरच दौत आणि दोन शाईचे पेन ठेवलेले असत. बॉलपेन चालायचा नाही. रिफिलचं लिहिलेलं मंडळींच्या घशाखाली उतरत नाही, असं त्यांचं म्हणणं. छापील तर बिलकूल नको, ते शिळं. काय लिहायचं ते तुम्ही ठरवा. कागदाची घडी करून परातीत ठेवायची. संध्याकाळी काकाजी हातपाय धुऊन येत, परातीत पाणी ओतत, घड्या न बघता उलगडून कागद एकेक करून पाण्यावर पालथे पसरत आणि स्वतः खिडकीकडे तोंड करून बसत. शाई सुटून दगडांवरून खाली उतरे. मग ते पाणी जास्वंदीला आणि कागद दोरीवर. वाळलेले कागद दुसऱ्या दिवशी पुन्हा लिहायला. त्यांच्या जास्वंदीला बारमाही फुलं असत हे मात्र खरं आहे.

खिडकीकडे तोंड करायचं कारण असं की मंडळींसाठी लिहिलेलं कुणी वाचायचं नाही. "जेवणाऱ्याच्या ताटात पाहू नाई," हा त्या घरचा नियम. त्यात कुणालाही सूट नव्हती, त्यांना स्वतःला तर नाहीच.

मी पहिल्यांदा गेले तेव्हा सतराचा पाढा लिहिला. दुसऱ्या दिवशी कुंपणापाशी काकाजी उभे. "मास्तरीणबाई, काल काय खाऊ घातलंस वो? वकीलसाहेबाचं पोट धरलं." वकील म्हणजे धुरकट, मोठा, टोकदार तो. मी म्हटलं, "म्हणजे तुम्ही वाचलंत." त्यांचा चेहरा एकदम उतरला. "वाचलं नाई. तू गणिताची, नवीन, अन् तुले माह्या वेडेपणाचा राग आलता. मंग पाढाच लिहिशीन ना." मी खजील झाले. त्यांनीही पुढे बरेच दिवस थट्टा केली नाही. वाचल्याचा संशय त्यांना चोरीच्या संशयासारखा लागला होता.

एकदा मी सरळच विचारलं, काकाजी, तुम्ही हे खरंच मानता का? ते म्हणाले, "तू देवाले नैवेद्य दाखवतेस, तो खाते का?" म्हटलं, नाही, शेवटी आम्हीच खातो. "हौ ना. इथं ते आपल्याले खा लागत नाई, एवढाच फरक." यावर वेणूकाकू आतून ओरडल्या, "खा लागलं असतं तं बरं झालं असतं, माह्या सैपाकाचा ताप वाचला असता."

वेणूकाकू म्हणजे त्यांची बायको. काकाजी जितकं मोजकं बोलत तितकं त्या भरभरून. भाजीवाल्याशी, गाईशी, गॅसच्या शेगडीशी, सगळ्यांशी बोलत. सगळं गाव परातीत लिहून गेलं, पण काकूंनी मंडळींसाठी कधी एक अक्षर लिहिलं नाही. काकाजी अधूनमधून आर्जव करत. काकू म्हणत, "तुमाले जेवू घालते ते पुरे नाई का? अन् मले जे सांगाचं ते मी तोंडानं सांगते. मले काहून पाहिजे कागद?" ते खरंच होतं. काकूंच्या मनात आलेलं आणि तोंडातून गेलेलं यात फारसं अंतर नसे.

काकाजींच्या या परातीनं आमच्या गल्लीचं किती भलं केलं ते आता सांगितलं तर कुणाला पटायचं नाही. कोपऱ्यावरच्या टेंभरेबाईंचं सुनेशी हाडवैर. त्यांना परातीची चटक लागली. रोज दुपारी येऊन पान भरून लिहीत. अक्षर इतकं दाबून की टेबलावर वळ उठत. लिहून झालं की पदरानं तोंड पुसत आणि शांतपणे चहा पिऊन घरी जात. सुनेला वाटे, सासूला देव पावला. मग काकाजी भाचीच्या लग्नाला लालबर्‍याला गेले आणि घराला कुलूप लागलं. दोनच दिवसांत टेंभऱ्यांच्या घरातून भांडी आपटल्याचे आवाज यायला लागले. काकाजी परतले तेव्हा टेंभरेबाई फाटकापाशी उभ्याच, हातात कागदांचा गठ्ठा. बॅग खाली ठेवायच्या आधी काकाजींनी परात मांडली. संध्याकाळी पाणी इतकं गडद झालं की ते जास्वंदीला घालायला काकू तयार होईनात.

आमच्या घरातलंही सांगते. माझे यजमान बैहरला तहसीलमध्ये होते. बोलायचं म्हटलं की त्यांना दरवेळी जिवावर येतं. सासूबाई गेल्या तेव्हा ते रडले नाहीत, आणि मला त्याची काळजी वाटायला लागली. तेराव्यानंतर एक दिवस ते काही न सांगता शेजारी गेले आणि बराच वेळ आले नाहीत. मी पाहायला गेले तर ओट्यावर पाठमोरे बसून लिहीत होते. वाकून पाहावं अशी फार इच्छा झाली. काकूंनी माझा हात धरून मला स्वयंपाकघरात नेलं आणि म्हणाल्या, "जेवू दे त्यायले." त्या दिवसापासून मी परातीची थट्टा केली नाही.

पण पुढे पुढे मंडळींची उपासमार व्हायला लागली. काकाजींना हे लागत असे. गल्लीतली पोरं शाळेत हिंदी शिकत, घरी हिंदी बोलत, आणि आजीनं मराठीत विचारलं तर हिंदीत उत्तर देत. काकाजी हिंदीला नाही म्हणत नसत. "खातेत ना, उपाशी थोडी ठेवतो. पण हे आपल्या घरी मराठीवर वाढले. गुलाबी तं हिंदी खाऊन फिकट पडली." ती मुळातच फिकट होती हे मला माहीत होतं. मग मोबाइल आले आणि हिंदीही हातानं लिहिणं बंद झालं. त्यांचा मुलगा प्रकाश रायपूरला असतो. तो दिवाळीला आला की बापाचं मन राखायला पेन हातात घेई आणि मराठीत दोन शब्द लिहून थांबे. पुढचं आठवत नसे. काकाजी म्हणत, "असू दे, तेवढंच घाल." आणि स्वतः दुसरीकडे बघत. पोराला मराठी लिहिता येईना, याचं दुःख त्यांनी कधी बोलून दाखवलं नाही. ते मला त्या दुसरीकडे बघण्यातच दिसायचं.

मग काकूंना लकवा मारला. उजवं अंग गेलं आणि वाचा गेली. नागपूरच्या डॉक्टरांनी सांगितलं, समजतं त्यांना सगळं, पण शब्द बाहेर यायचा नाही. ज्या घरातला आवाज आमच्या स्वयंपाकघरापर्यंत यायचा, तिथून आता फक्त चमच्याचा आवाज येई. काही हवं असलं की काकू डाव्या हातानं खाटेच्या पट्टीवर चमचा वाजवीत. काकाजी धावत जात आणि एकेक विचारत, पाणी? पांघरूण? पंखा? काकू मान हलवत. दहा गोष्टींत एखादी बरोबर निघे. बाकीच्या वेळी त्या डोळे मिटून घेत. काकाजी बाहेर येऊन मला म्हणत, "लई बोलाचं राह्यलं हाय तिचं. कोंडून राह्यलं."

मी शाळेतून येताना पाटी आणली आणि काकूंना डाव्या हातानं अक्षरं गिरवायला बसवलं. आधी नुसत्या रेघोट्या. मग क, मग कमळातला म. बोटं वळत नसत, चिडून त्या पाटी ढकलून देत. पण दुसऱ्या दिवशी स्वतःच खूण करून मागून घेत. त्यांना काहीतरी सांगायचं होतं आणि त्यासाठीच त्या शिकत होत्या, हे मला आणि काकाजींना दोघांनाही कळत होतं. काकाजी दारात उभे राहून पाहत. मुलगा पहिलीत गेल्यावर पाहिलं नसेल इतक्या कौतुकानं पाहत.

एक दिवस काकाजी औषधं आणायला बाजारात गेले होते. काकूंना त्या सुमारास भिंत धरून बैठकीपर्यंत येता येऊ लागलं होतं. काकाजी परत आले तेव्हा काकू खाटेवर होत्या, आणि परातीत, मंडळींच्या मधोमध, एक घडी केलेला कागद.

आम्ही त्यांचा आवाज ऐकला. ते कुंपणापाशी येऊन मला हाका मारत होते. "मास्तरीणबाई, ये वो, ये. आज वेणूनं मंडळीले जेवू घातलं." मी कणकेचे हात धुऊन जाईपर्यंत त्यांना धीर निघाला नाही. संध्याकाळ व्हायची होती, तरी त्यांनी पाणी ओतलं होतं. मी आत गेले तेव्हा ते खिडकीकडे तोंड करून बसले होते आणि डोळे पुसत होते. इतक्या वर्षांत तिनं पहिल्यांदा त्यांच्या वेडाला हात लावला होता. परातीत कागद तरंगत होता आणि पाणी निळं झालं होतं.

आतून चमचा वाजला. मग पुन्हा वाजला, आणि थांबेचना. आम्ही आत गेलो. काकू परातीच्या दिशेनं बोट दाखवत होत्या. काकाजी हसत म्हणाले, "हौ, हौ, जेवले ना. सगळं खाल्लं त्यायनं." काकूंनी नाही नाही म्हणून मान जोरात हलवली. त्यांनी पुन्हा बैठकीकडे बोट केलं, मग काकाजींच्या छातीकडे, मग त्यांच्या नाकावरच्या चष्म्याकडे. तेच तीन इशारे पुन्हा. मला कळलं. काकाजींना कळायला थोडा वेळ लागला. मग ते बाहेर गेले आणि तो कागद दोन्ही हातांवर धरून घेऊन आले. त्यातून पाणी ठिबकत होतं. त्यावर काही नव्हतं.

काकूंनी कागदाकडे पाहिलं, काकाजींकडे पाहिलं, आणि भिंतीकडे तोंड केलं.

त्यांनी तो परातीत का ठेवला याचा मी पुष्कळ विचार केला आहे. खाटेवर ठेवला असता तर पडला असता, उशाखाली ठेवला असता तर कुणाला दिसला नसता. नवरा दिवसातून एकदा नक्की जिथे जातो ती जागा त्यांना ठाऊक होती. वर्षानुवर्षं तोंडानं बोलणाऱ्या बाईला वाटलं असेल, माझं लिहिलेलं आहे म्हटल्यावर हा माणूस घडी उघडून पाहीलच. आणि जन्मभर दुसऱ्याच्या ताटात न पाहणाऱ्या माणसाला वाटलं, हिनं मंडळींना वाढलं. दोघांचंही चुकलं असं मला म्हणवत नाही. पण मला काकाजींचा राग आला होता, तो अजून कधी कधी येतो.

त्यानंतर काकाजींनी तिच्या हातात पेन देऊन पाहिला, पाटी देऊन पाहिली. हात जोडले. काकूंनी बोटं उघडली नाहीत. रागानं की थकून, सांगता येत नाही. तेवढं लिहायला त्यांना किती दिवसांची शक्ती लागली होती ते मला माहीत होतं. त्याच आठवड्यात दुसरा झटका आला आणि त्या गेल्या.

मंडळींना जेवण मिळायचं बंद झालं. दौत आत गेली, दोरीवर फक्त कपडे दिसायला लागले. येणाऱ्याला थेट चहा मिळे. टेंभरेबाई एक दिवस आपलं पान घेऊन आल्या तर काकाजी म्हणाले, "ठेव. पण आता मी वाचतो. वाचू का?" बाईंनी पान परत ब्लाउजमध्ये खोचलं आणि पुन्हा आल्या नाहीत. कुणीच आलं नाही. न वाचणारा माणूस सगळ्यांना हवा होता, वाचणारे काय, घरोघरी आहेत.

काही दिवस ते खाणीतलं जुनं भिंग लावून एकेक दगड पाहत बसत. मी भाकरी घेऊन गेले तर म्हणाले, "तू शिकलेली. खाल्लेलं कुठंतरी राह्यतेच ना? भाकर खाल्ली तं रक्त होते. मंग हे जे खातेत, ते यायच्यात कुठं जाते?" पाण्याबरोबर जास्वंदीला गेलं, हे खरं उत्तर होतं. ते त्यांनाही ठाऊक होतं, कारण ती जास्वंद त्यांनी तोडून टाकली होती. मी म्हटलं, "काकाजी, जेवून घ्या." ते जेवले. जेवता जेवता म्हणाले, "एवढं तं सांग. तिले माहीत होतं ना, मी वाचत नाई म्हणून?" मी "हो" म्हटलं असतं तर एक दुखलं असतं, "नाही" म्हटलं असतं तर दुसरं. मी त्यांना आणखी वरण वाढलं.

त्यानंतर त्यांना वाचायची सवय लागली. सवय म्हणणं कमीच आहे. दुकानदाराची चिठ्ठी, रिक्षाच्या पाठीवरचं, शाळेच्या भिंतीवर खडूनं लिहिलेलं, लग्नपत्रिकेवर हातानं घातलेलं नाव, जे हातानं लिहिलेलं दिसेल ते उभे राहून वाचत, शेवटच्या अक्षरापर्यंत. माझ्या वर्गातल्या मुलींच्या वह्यांचे गठ्ठे तपासायला आणले की येऊन बसत आणि गणितंसुद्धा वाचत. एखाद्या पोरीनं खाली "मॅडम, पेन संपला" असं लिहिलेलं असलं तर मला दाखवत. "हे पाह्यलं का? पाहून घे. सुटून जाईन."

प्रकाशनं त्यांना रायपूरला न्यायचं ठरवलं. एकट्या माणसाला इथं ठेवणं बरोबर नव्हतं, आणि त्यांनीही वाद घातला नाही. मंडळी त्यांनी तिरोडीला नेऊन खाणीजवळच्या ढिगावर ठेवली. गुलाबीसुद्धा. मी विचारलं तर म्हणाले, "त्यायचं काई चुकलं नाई. पण मले आता वाढवत नाई."

त्यांना सोडायला आम्ही दोघं बसस्टँडवर गेलो. गोंदियाला प्रकाश उतरवून घेणार होता आणि तिथून आगगाडीनं रायपूरला नेणार होता. काकाजी खिडकीशी बसले. गाडीला अवकाश होता म्हणून यजमानांनी हातगाडीवरून चण्याची पुडी आणून दिली. काकाजींनी ती हातात घेतली, उलटीसुलटी करून पाहिली, आणि चणे आपल्या रुमालात ओतले. कागद मांडीवर सरळ केला. शाळेच्या वहीचं पान होतं, कुण्या पोराचा हिंदी निबंध, आईवर. त्यांनी चष्मा सारखा केला आणि ओठ हलवत वाचायला लागले. मी खिडकीतून पाहत होते. गोल गोल अक्षर, चुकांवर लाल शाई. शेवटची ओळ होती, "फिर माँ ने मुझे पास बुलाकर कहा कि," आणि तिथं पान फाटलं होतं.

ड्रायव्हर चढला. काकाजी उठले, माणसांना सारत दारापर्यंत आले आणि खाली उतरले. मला वाटलं, काही विसरले. कंडक्टर म्हणाला, "बाबूजी, गाड़ी छूट रही है." त्यांनी ऐकलं नाही. ते सरळ चण्याच्या गाडीपाशी गेले आणि तो फाटका कागद पुढे धरला.

"भैया, इसका बाकी का पन्ना देखो ना."

चणेवाल्यानं कागद पाहिला, त्यांना पाहिलं आणि दुसरी पुडी बांधायला घेतली. "अब कहाँ मिलेगा बाबूजी. किसी को बाँध के दे दिया होगा."

काकाजींनी हातातली पिशवी खाली ठेवली. हातगाडीच्या खालून त्यांनी रद्दीचा गठ्ठा ओढून घेतला, जमिनीवर मांडी घातली, आणि वरचा कागद उचलून वाचायला सुरुवात केली.